कालयंत्राचा कर्ता आणि गंगाधरपंत गायतोंडे

काळाच्या प्रवाहात उलटसुलट संचार करणारे यंत्र आणि ते घडविणारा एकलकोंडा संशोधक ही जोडी पाश्चात्त्य कथावाङ्मयात सव्वाशेहून अधिक वर्षे नांदत आहे. १८८७ साली एन्रिके गास्पार या स्पॅनिश लेखकाने सिन्दुल्फो गार्सिया नावाच्या सारागोसाच्या शास्त्रज्ञाकडून असे यंत्र बांधविले. पुढल्याच वर्षी एच. जी. वेल्स यांनी विद्यार्थिदशेतील एका अपुऱ्या कथेत डॉ. मोझेस नेबोजिप्फेल हा कालयंत्राचा कर्ता निर्माण केला. त्याला नाव होते, वेल्समधील एका खेड्यातले पडके घर होते, आणि गावकऱ्यांचा संशयही त्याच्या वाट्याला आला होता. १८९५ मध्ये ‘द टाइम मशीन’ प्रसिद्ध झाले तेव्हा हे नाव आणि गाव दोन्ही गळून गेले. उरला तो केवळ ‘कालप्रवासी’. लंडनजवळच्या रिचमंड येथे दर गुरुवारी मित्रांना जेवावयास बोलाविणारा एक गृहस्थ, यापलीकडे त्याचे चरित्र वाचकास कळत नाही. कळते ते त्याच्या यंत्राचे चरित्र: निकेल, हस्तिदंत आणि स्फटिक यांची घडण, बसावयाचे खोगीर, एक दांडा पुढे नेणारा व दुसरा मागे आणणारा. कर्त्याचे जीवन पुसून टाकून त्याची कृती तेवढी उजेडात ठेवावयाची, ही वेल्स यांची रीत पुढील असंख्य लेखकांनी उचलली.

मराठी विज्ञानकथेकडे वळले असता याच्या नेमकी उलट स्थिती दिसते. येथे काळाशी खेळणारा सर्वांत लक्षणीय पुरुष यंत्र बांधीत नाही. त्याला दांडे, खोगीर, कार्यशाळा यांपैकी काहीच नाही. मात्र त्याला नाव आहे, आडनाव आहे, नावापुढे ‘पंत’ आहे, मुंबईत नोकरीस असावा असा मुलगा आहे आणि व्याख्यानांचा नेमका हिशेब आहे. जयंत विष्णु नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतील इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे हेच ते पुरुष होत. लेखकाने स्वतः सिद्ध केलेल्या ‘द अ‍ॅडव्हेंचर’ या इंग्रजी रूपाचा अंश अकरावीच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकात समाविष्ट झाल्यामुळे मराठी न जाणणाऱ्या सहस्रावधी विद्यार्थ्यांनाही पंत परिचित झाले. इतक्या लोकांनी वाचलेल्या पात्राकडे कालयंत्राच्या कर्त्यांच्या परंपरेतून क्वचितच पाहिले जाते. तसे पाहिल्यास कथेचे सामर्थ्य आणि तिची उणीव या दोहोंवर प्रकाश पडतो.

कथेचा सांगाडा थोडक्यात असा. पानिपतात वेगळा निकाल लागला असता तर काय झाले असते, या विचारात गढलेल्या पंतांना एका मालमोटारीचा धक्का बसतो आणि ते ज्या जगात शुद्धीवर येतात तेथे मराठ्यांनी पानिपत जिंकलेले असते. पुण्याहून जिजामाता एक्स्प्रेसने ते मुंबईस जातात. मुंबई तेवढी इंग्रजांच्या ताब्यात उरलेली असते. तीही कराराने आणि ठरावीक मुदतीपुरती. टाउन हॉलमधील एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात पंत इतिहासाचे ग्रंथ मागवितात, त्यांत स्वतःचे पाच खंडही येतात. अशोक, समुद्रगुप्त, घोरी, औरंगजेब, सारे जेथल्या तेथे असते. पाचव्या खंडात मात्र वाट फुटते. विश्वासरावास गोळी लागत नाही, ती कानाजवळून निघून जाते. सायंकाळी आझाद मैदानावरील एका सभेत अध्यक्षाची खुर्ची रिकामी पाहून पंतांना राहवत नाही. ते व्यासपीठावर चढतात, लोक टोमॅटो आणि अंडी फेकतात, आणि पंत आपल्या जगात परत येतात. खिशात बखरीचे एक फाटके पान राहिलेले असते. शेवटी राजेंद्र देशपांडे हा शास्त्रज्ञ मित्र या सर्वांची उपपत्ती सांगतो.

या सांगाड्यात कालयंत्र कोठे आहे, हा प्रश्न सामान्य वाचक विचारीत नाही, कारण मालमोटारीच्या धक्क्याने त्याचे समाधान झालेले असते. वास्तविक धक्का हे निमित्त होय. राजेंद्र देशपांडे यांच्याच बोलण्यावरून पाहता, धक्क्याच्या क्षणी पंतांच्या मनात चाललेला प्रश्न हाच प्रवासाची कळ ठरतो. म्हणजे यंत्र मनात आहे आणि ते एका ‘जर’ने चालते. भाषेच्या अंगाने याचा विचार करणे येथे अगत्याचे आहे.

मराठीत काळ दाखविणाऱ्या शब्दांची घडण मोठी चमत्कारिक आहे. ‘परवा’ हा शब्द दोन दिवसांपूर्वीच्या आणि दोन दिवसांनंतरच्या दिवसास सारखाच लागतो, ‘तेरवा’चेही तसेच. वर्तमानाच्या दोन्ही बाजूंस सारखे अंतर मोजणारा हा शब्द दिशेविषयी मुग्ध राहतो आणि दिशा ठरविण्याचे काम क्रियापदावर टाकतो. बरे, क्रियापद तरी हे काम चोख करते काय? ‘तुम्ही पुढे व्हा, मी आलोच’ यात रूप भूतकाळाचे आणि अर्थ भविष्याचा. ‘काल सकाळी तो येतो काय, बसतो काय’ यात रूप वर्तमानाचे आणि घटना कालची. मोरो केशव दामले यांनी ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ या १९११ सालच्या ग्रंथात क्रियापदाच्या रूपांना काळावरून नव्हे, तर प्रत्ययांवरून ताख्यात, लाख्यात, वाख्यात, ईलाख्यात अशी नावे दिली ती याच अडचणीमुळे. एकच रूप निरनिराळ्या काळांत वावरते, तेव्हा रूपाला काळाचे नाव देणे म्हणजे पाहुण्याला घरधनी म्हणण्यासारखे आहे.

यांत नारळीकर यांच्या कथेस उपयोगी पडलेले रूप संकेतार्थाचे. ‘विश्वासरावास गोळी लागली नसती, तर मराठे जिंकले असते’ हे वाक्य दोनशे वर्षे मराठी माणसाच्या तोंडी आहे. त्यातील ‘नसती’ आणि ‘असते’ ही दोन रूपे घडलेल्या गोष्टीचा मान राखून न घडलेल्या गोष्टीस थोडी जागा देतात. पंतांच्या दुसऱ्या जगात जे होते ते इतकेच, की ही दोन रूपे काढून घेतली जातात. ‘गोळी लागली नाही; मराठे जिंकले.’ संकेतार्थाचा स्वार्थ झाला. वेल्सच्या कालप्रवाशास ज्या कामासाठी निकेलचे दांडे लागले, ते काम येथे व्याकरणातील एका फेरफाराने साधले आहे. लेखकाने हे जाणूनबुजून केले असे म्हणावयाचे नाही. परंतु मराठीत लिहिताना त्याच्या हाताशी हे साधन आयतेच होते.

दुसरेही एक उदाहरण घेण्याजोगे आहे. ‘वेळ’ हा शब्द मराठीत दोन लिंगांनी चालतो. ‘माझा वेळ गेला’ यातील पुल्लिंगी वेळ म्हणजे खर्च होणारा, मोजता येणारा काळाचा साठा. ‘वेळ आली’, ‘वेळ टळली’ यांतील स्त्रीलिंगी वेळ म्हणजे नेमका, ठरलेला, पुन्हा न येणारा क्षण. वेल्स यांचे यंत्र पुल्लिंगी वेळावर चालते. किती वर्षे पुढे गेलो याचा आकडा तबकडीवर दिसतो आणि इ. स. ८,०२,७०१ पर्यंत तो पोहोचतो. नारळीकर यांच्या कथेचा सारा व्यवहार स्त्रीलिंगी वेळेशी आहे. पंत एक दिवसही मागे अथवा पुढे जात नाहीत. ज्या तारखेस ते येथे आहेत त्याच तारखेस ते तेथे असतात. बदलते ती १७६१ सालची एक वेळ. म्हणून कथेस ‘कालप्रवासाची कथा’ म्हणण्याचा जो प्रघात आहे तो ढिला वाटतो. ही वेळ टळण्याची कथा आहे. पुराणांतील रैवत ककुद्मी राजा मात्र खरोखर पुल्लिंगी वेळाचा प्रवासी. कन्या रेवतीस घेऊन तो ब्रह्मलोकी जातो, तेथील गायन संपेपर्यंत थांबतो, आणि भूलोकी सत्तावीस चतुर्युगे उलटलेली असतात. त्यालाही यंत्र नव्हते. पण त्याचा प्रवास आणि पंतांचा प्रवास यांत आप्तसंबंध जोडू पाहणारे अभिमानी विवेचन भलत्याच वाटेने जाते.

आता पुराव्याचा प्रश्न. वेल्सचा प्रवासी परत येतो तेव्हा त्याच्या खिशात दोन कोमेजलेली पांढरी फुले असतात. भविष्यातील वीना या मुलीने ती ठेवलेली. पंतांच्या खिशात बखरीचे पान असते. दोन्ही कथांची रचना या एका बाबतीत इतकी जुळते की नारळीकर यांच्यासमोर वेल्सचा नमुना नव्हता असे मानणे कठीण. तरी फरक महत्त्वाचा आहे. फूल बोलत नाही. त्याची जात वनस्पतिशास्त्रज्ञास ओळखता येत नाही, एवढाच त्याचा पुरावा. पान बोलते, आणि जे बोलते ते दुसऱ्या प्रतीतील वाक्याच्या विरुद्ध असते. मराठी कथेतील पुरावा पाठभेदाचा आहे. हस्तलिखितांच्या पाठभेदांवर आयुष्य घालविलेल्या वाचकास याची गोडी निराळी कळेल: एक शब्द बदलला म्हणजे एक पोथी नव्हे, एक जग बदलते.

येथेच कथेची एक मोठी अडचण उभी राहते. हे पान ‘भाऊसाहेबांची बखर’ या ग्रंथाचे आहे, आणि इतिहासाचा प्राध्यापक त्या पानास अस्सल कागदाचा मान देतो. वि. का. राजवाडे यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड १८९८ साली प्रसिद्ध केला तो पानिपतपूर्व पत्रव्यवहाराचाच होता, आणि बखरींची विश्वसनीयता किती तोकडी आहे हे त्यांनी त्याच निमित्ताने बजावले होते. त्यानंतर पाऊण शतकाने लिहिलेल्या कथेतील पाच खंडांचा कर्ता बखरीच्या एका पानावर विश्वासून राहतो, हे त्याच्या पेशास शोभत नाही. बखरकार प्रसंग रंगवून सांगतो. गोळी लागली की चाटून गेली याविषयी दोन बखरींत मतभेद असणे आपल्याच जगात अशक्य नाही. उलट पंतांच्या खिशात त्या दिवसाचे एखादे पत्र राहिले असते, पौष शुद्ध अष्टमी शके १६८२, सन इहिदे सितैन मया व अलफ अशी मिती मिरविणारे, तर राजवाड्यांच्या शिष्यासही निरुत्तर व्हावे लागले असते. अरबी संख्याशब्दांत लिहिलेला हा शुहूर सन, ११६१, मराठी दप्तरांत इतका रुळलेला होता की त्याच्या एका ओळीने कथेस जो खरेपणा आला असता तो बखरीच्या भावपूर्ण वाक्याने येत नाही. याचे कारणही उघड आहे. बखर मराठी वाचकाच्या कानांत आहे, पत्र नाही. लेखकाने कानाची निवड केली आणि कथा लोकप्रिय झाली. गंगाधरपंतांच्या चरित्रात मात्र तेवढी खोट राहून गेली.

दुसरी अडचण शास्त्रीय उपपत्तीची. ती केवळ अडचण नसून कथेच्या गाभ्याचा प्रश्न आहे. राजेंद्र देशपांडे दोन सिद्धान्तांचा आधार घेतात. एक, रने तोम या फ्रेंच गणितज्ञाने मांडलेला आकस्मिक स्थित्यंतराचा सिद्धान्त, ज्यास इंग्रजीत ‘कॅटॅस्ट्रॉफी थिअरी’ म्हणतात. तोम यांचा मूळ ग्रंथ १९७२ चा. दुसरा, पुंजयामिकीतील अनिश्चितता आणि तिच्यातून ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली काढलेला अनेक जगांचा अर्थ. दुसऱ्याविषयी फार बोलण्याचे कारण नाही. इलेक्ट्रॉनास लागू पडणारे गोळीस आणि सैन्यास लागू करण्यात कथाकाराने जी उडी घेतली आहे ती कथेत क्षम्य आहे, आणि देशपांडे ती उडी आहे हे झाकून ठेवीत नाहीत. पहिला सिद्धान्त मात्र बारकाईने पाहण्यासारखा आहे.

तोम यांच्या मांडणीत अचानक उडी घडण्यापूर्वी काही घटक हळूहळू, दिसत न दिसत बदलत असतात. पाणी कड्याच्या टोकाशी आलेले असते म्हणून शेवटचा थेंब परिणाम करतो. कडा नसता तर थेंबास कोण विचारतो? पानिपतावर हा कडा कोणता? त्र्यंबक शंकर शेजवलकर यांनी १९४६ साली इंग्रजीत आणि १९६१ साली मराठीत ‘पानिपत : १७६१’ लिहिले, त्यात या मोहिमेची कारणमीमांसा विस्ताराने आहे. तुटलेली रसद, छावणीतील बाजारबुणगे व यात्रेकरू यांचा भार, आठवडेच्या आठवडे चाललेली उपासमार, आणि १४ जानेवारीस रिकाम्या पोटी रणात उतरलेले माणूस व घोडे, ही त्या दिवसाची पार्श्वभूमी कोणत्याही विवेचनात टाळता येत नाही. तोम यांच्या भाषेत बोलावयाचे तर भूक हा हळूहळू बदलणारा घटक आणि गोळी हा शेवटचा थेंब. मग गोळी चुकली तर काय होईल? कड्यावर आलेल्या पाण्यास दुसरा थेंब मिळण्यास किती वेळ लागतो? दुपार कलल्यावर अब्दालीने राखून ठेवलेली ताजी फौज होतीच. देशपांडे ज्या सिद्धान्ताचा हवाला देतात तोच सिद्धान्त नीट लावला असता विश्वासरावाच्या कानावरून गेलेली गोळी मराठ्यांना सायंकाळपर्यंत तारीलच असे म्हणता येत नाही. कथेतील विज्ञान कथेतील इतिहासाविरुद्ध साक्ष देते. विशेष म्हणजे शेजवलकरांसारख्या इतिहासकाराची कारणमीमांसा आणि तोम यांचे गणित या प्रश्नी एका बाजूस उभे राहतात, आणि गंगाधरपंत, जे स्वतः इतिहासकार, दुसऱ्या.

ही चर्चा पुण्या-मुंबईच्या वाचकास पुरेशी वाटेल. मराठवाड्याच्या बाजूने पाहिले असता तिला आणखी एक पदर येतो. जालना जिल्ह्यातील भोकरदन तालुक्यात हसनाबाद हे गाव आहे. हसनाबादच्या वाचकास ‘वेळ टळली असती तर’ हा प्रश्न पडावयाचा असेल तर त्याला यमुनाकाठी जाण्याची गरज नाही. त्याच मुलखातील आसईच्या परिसरात, खेळणा आणि जुई या दोन ओढ्यावजा नद्यांच्या बेचक्यात, २३ सप्टेंबर १८०३ रोजी दौलतराव शिंदे व रघूजी भोसले यांच्या फौजेस आर्थर वेलस्ली याने हरविले. या नद्यांची नावे इंग्रजी खलित्यांत ‘कैटना’ आणि ‘जुआ’ अशी वेडीवाकडी उतरली, आणि इंग्रजी ग्रंथांत ती तशीच रूढ झाली. वेलस्लीजवळ रणात उतरविण्यास साडेचार हजारांच्या आसपास माणसे होती आणि समोरची फौज कितीतरी पटींनी मोठी. कर्नल स्टीव्हन्सनची तुकडी निराळ्या वाटेने येत होती. ती वेळेवर पोहोचली नाही. वाटाड्यांनी सांगितले की नदीस उतार नाही. वेलस्लीस समोरासमोरच्या काठांवर दोन गावे दिसली आणि त्याने अनुमान केले की दोन गावे अशी वसली असतील तर त्यांच्यामध्ये येण्याजाण्याचा उतार असलाच पाहिजे. उतार होता. फौज तेथून पलीकडे गेली. दीड हजारांहून अधिक माणसे मारली वा जखमी होऊनही दिवस त्याचा ठरला. पुढे वॉटर्लूचा विजेता झाल्यावरही आपल्या हातून झालेल्या लढायांत आसईची लढाई तो सर्वांत वर ठेवीत असे.

गोळीच्या अपघाताहून हा प्रसंग कालयंत्राच्या कर्त्यास अधिक उपयोगाचा आहे. गोळी लागणे न लागणे हे दैवाचे काम; उताराचे अनुमान हे एका माणसाच्या बुद्धीचे. वाटाड्याच्या शब्दावर विसंबून तो परतला असता, किंवा स्टीव्हन्सनची वाट पाहत थांबला असता, तर? त्या वर्षअखेरीस देवगाव आणि सुर्जी-अंजनगाव येथे जे तह झाले ते निराळे झाले असते, आणि पुढे निजामाच्या राज्यात राहिलेल्या या मुलखाचा पुढील दीडशे वर्षांचा इतिहास निराळा झाला असता. नारळीकर यांनी पानिपत निवडले ते साहजिक आहे. मराठी मनाची जखम तेथेच आहे, आणि ‘पानिपत’ हा शब्द भाषेत सर्वनाशाचा वाचक होऊन बसला आहे. आसईवरून असा शब्द बनला नाही. परंतु वाङ्मयीन टीकेने हे नोंदविलेच पाहिजे, की मराठीतील सर्वांत प्रसिद्ध पर्यायी इतिहास पुणे ते मुंबई या एकाच लोहमार्गावर घडतो. गाडी उलट दिशेने, मनमाडवरून जालन्याकडे निघाली असती तर पंतांना काय दिसले असते, या प्रश्नास कथेत स्थान नाही, आणि पुढे कोणी समर्थ कथाकाराने तो हाती घेतल्यास मराठी विज्ञानकथेचा भूगोल रुंदावेल.

काळाची खरीखुरी कारागिरी या मुलखाने कथेवाचूनही पुष्कळ पाहिली आहे. हैदराबाद संस्थानात सरकारी दप्तर फसली सनाने चाले. १७ सप्टेंबर १९४८ या एकाच दिवशी हसनाबादच्या माणसास इसवी सन १९४८, शके १८७०, हिजरी १३६७ आणि फसली १३५७ अशी चार वर्षे उपलब्ध होती: पेरणी आणि सण एका गणतीने, सारा दुसऱ्या, रोजे तिसऱ्या. मुंबई शहराने तर १९५५ पर्यंत आपली घड्याळे भारतीय प्रमाणवेळेच्या एकोणचाळीस मिनिटे मागे ठेवली होती. म्हणजे स्टेशनवरच्या घड्याळातून बाहेर पडून शहराच्या घड्याळात शिरणारा प्रवासी रोजच पाऊण तासाच्या आसपास काळ ओलांडीत असे. महाराष्ट्रातील कालशास्त्राचे कर्तेही लोखंडाचे कारागीर नव्हते, गणिताचे होते. गणेश दैवज्ञ यांनी १५२० च्या सुमारास ‘ग्रहलाघव’ रचताना ज्याचापांची किचकट रीत टाळून पंचांग सोपे केले. एकोणिसाव्या शतकात केरो लक्ष्मण छत्रे यांनी आकाशाशी जुळणारे पंचांग चालू करविले. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी १८९६ साली ‘भारतीय ज्योतिःशास्त्र’ लिहून या सर्व गणतींचा इतिहास सिद्ध केला. मराठीत कालयंत्राचा कर्ता हातोडी न उचलता वही उचलतो, यामागे ही परंपरा नकळत उभी असावी.

नारळीकर स्वतः त्याच परंपरेतले. १९३८ साली कोल्हापुरास जन्मलेल्या आणि २० मे २०२५ रोजी पुण्यात निवर्तलेल्या या खगोलशास्त्रज्ञाने १९६४ साली फ्रेड हॉइल यांच्याबरोबर एक शोधनिबंध प्रसिद्ध केला होता. विद्युच्चुंबकीय समीकरणे काळाच्या दोन्ही दिशांना सारखीच लागू असताना प्रत्यक्षात काळ एकाच दिशेने का वाहतो आणि त्याचा विश्वाच्या रचनेशी संबंध काय, हा त्याचा विषय. ‘परवा’ या शब्दाची मुग्धता आणि त्या समीकरणांची मुग्धता यांत साम्य दाखविण्याचा मोह आवरणे बरे. पण १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेस ‘कृष्णविवर’ ही पहिली कथा धाडताना त्यांनी ‘नारायण विनायक जगताप’ हे नाव घेतले; आपल्या आद्याक्षरांचा क्रम उलटा करून. दिशा उलटविण्याची हौस लेखकास पहिल्यापासून होती, असे यावरून म्हणण्यास प्रत्यवाय नाही.

भाषेच्या दृष्टीने कथेचा उत्तरार्ध उतरता आहे, हे मान्य करावे लागते. दुसऱ्या जगातील मुंबईचे वर्णन थोडक्या रेषांनी आणि मिस्किलपणे झाले आहे. देशपांडे बोलू लागतात तेव्हा मात्र कथेचे वर्ग भरविले जातात. प्राध्यापकाने प्रश्न विचारावा, मित्राने फळ्यावर समजवावे, प्राध्यापकाने पुन्हा विचारावे. विज्ञान लोकांपर्यंत नेण्याची लेखकाची कळकळ आदरणीय आहे. तरीही संवाद आणि व्याख्यान यांतील भेद तीमुळे पुसला गेला. त्यापेक्षा एक प्रश्न कथेतच पडलेला आहे आणि तो कोणी उचललेला नाही. एशियाटिकच्या टेबलावर आलेल्या त्या पाच खंडांवर कर्ता म्हणून गंगाधरपंतांचे नाव होते. ते त्यांनी लिहिलेले नव्हते. मग त्या जगात विजयाचा इतिहास लिहिणारा दुसरा एक गायतोंडे होता, आणि आपले पंत तेथे वावरत असताना तो कोठे होता? तोही कोठेतरी विचारात गढला असेल, विश्वासरावास गोळी लागली असती तर काय झाले असते म्हणून, आणि आपल्या या जगात दोन दिवस हिंडून गेला असेल काय? देशपांडे यांच्या सिद्धान्तास या दुसऱ्या माणसाचा हिशेब देणे भाग आहे. वेल्सने आपल्या कर्त्याचे नाव पुसले. नारळीकर यांनी आपल्या कर्त्याचे नाव दोनदा लिहून ठेवले आणि एकाचीच हकीकत सांगितली.

पंत मात्र यातून काहीतरी शिकून परत येतात. नऊशे नव्याण्णव सभांचे अध्यक्षपद भूषविलेला हा माणूस हजाराव्या भाषणासाठी पानिपताचा विषय ठरवून बसला होता. त्या जगात सभांना अध्यक्ष नसतो. लोक वक्त्याचे ऐकतात, पटले नाही तर उठून जातात, आणि अध्यक्षीय समारोपाच्या चालीचा त्यांना वीट आलेला आहे. टोमॅटो खाल्ल्यावर पंत सांगतात की हजारावे भाषण आझाद मैदानावर झाले, आणि पानिपतावरील परिसंवादाच्या चालकांना ते नकार कळवितात. पानिपत जिंकलेल्या जगाची अनेक सुखे लेखकाने दाखविली आहेत, आगगाडीचा वेग, स्वायत्त राज्य, विद्येची केंद्रे. त्यांतले एकच सुख पंतांना आपल्या जगात बरोबर आणता आले, ते म्हणजे अध्यक्षाच्या खुर्चीवर न बसण्याचे.